टॅरो: आधी डाव, मग भाकीत

नौपाडेकर

आमच्या सोसायटीच्या सूचनाफलकावर ‘रविवारी सायंकाळी पाच वाजता क्लबहाऊसमध्ये टॅरो’ अशी चिठ्ठी लागल्यापासून मला दोन तऱ्हेचे लोक गाठत आहेत. काही जण येताना पत्रिका आणायची का, असे विचारतात. इतर काही जण नौपाड्यासारख्या वाचत्या-लिहित्या वस्तीत हे थोतांड कशाला, अशी नाराजी व्यक्त करतात. प्रत्यक्षात त्या टेबलावर चौघे जण पत्ते खेळत असतात, गुण मांडत असतात आणि हातात हुकूम असूनही कोणी तो दाबून ठेवला यावरून वाद घालत असतात. टॅरो हा मुळात पत्त्यांचा डाव आहे आणि भाकितासाठी त्याचा वापर पुष्कळ उशिरा सुरू झाला, हे मराठीत फारसे लिहिले गेलेले दिसत नाही, म्हणून हा धागा काढत आहे.

पत्ते युरोपात पोहोचले ते चौदाव्या शतकाच्या उत्तरार्धात, आणि ते इजिप्त-सीरियाच्या मामलूक सुलतानांच्या मुलखातून आले असे मानायला चांगला आधार आहे. इस्तंबूलच्या तोपकापी राजवाड्यात जपलेल्या मामलूक पत्त्यांवर चषक, नाणी, तलवारी आणि पोलोच्या काठ्या असे चार रंग आहेत. इटलीत पोलो कोणी खेळत नसल्यामुळे त्या काठ्यांचे सोटे झाले. बाकीचे तीन रंग तसेच राहिले. उत्तर इटलीत पंधराव्या शतकाच्या पूर्वार्धात कोणीतरी या चार रंगांना चित्रांच्या पत्त्यांचा पाचवा गट जोडला आणि टॅरो तयार झाला. या पत्त्यांचे लेखी उल्लेख फ्लॉरेन्समध्ये १४४० साली आणि फेरारात १४४२ साली सापडतात. पहिला उल्लेख भेट दिलेल्या जोडाचा आहे, दुसरा दरबारी खर्चाचा, आणि भविष्याचा विषय दोन्हींत नाही.

मिलानच्या विस्कोंती आणि स्फोर्झा घराण्यांसाठी रंगवलेला, सोन्याचा वर्ख चढवलेला जो प्रसिद्ध जोड आहे, त्यातले ७४ पत्ते आज न्यूयॉर्कचे मॉर्गन ग्रंथालय, बेर्गामोची कारारा अकादमी आणि एका घराण्याचा खासगी संग्रह यांत विखुरलेले आहेत. सैतान, मनोरा, तलवारींची तिर्री आणि नाण्यांचा घोडेस्वार हे चार पत्ते मिळत नाहीत. नेमके सैतान आणि मनोराच कसे गेले, यावर हवे तेवढे तर्क लढवता येतील. पण पत्ते खेळणाऱ्या घरात पत्ते हरवतातच.

पूर्ण जोड ७८ पत्त्यांचा असतो. चार रंगांचे प्रत्येकी चौदा पत्ते, म्हणजे राजा, राणी, घोडेस्वार, गुलाम आणि एक्क्यापासून दश्शीपर्यंतचे दहा. त्यांखेरीज एकवीस क्रमांकित हुकूम आणि क्रमांक नसलेला एक विदूषक. पोप, सम्राट, प्रेमी, दैवाचे चक्र, मृत्यू, सूर्य, अंतिम न्याय ही चित्रे त्या काळच्या इटालियन माणसाच्या परिचयाची होती. कोणता पत्ता कोणत्या पत्त्याला मारतो, हे लक्षात ठेवायला ती सोयीची पडत, कारण मृत्यू पोपला आणि सम्राटाला मारतो हे कोणाला वेगळे शिकवावे लागत नसे.

खेळणाऱ्यांना त्या चित्रांचे किती मोल होते, याचा एक मासला सांगण्यासारखा आहे. १७२५ साली इटलीतल्या बोलोन्या शहरातल्या एका धर्मोपदेशकाने टॅरोच्या पत्त्यांवर राज्यांची आणि भूगोलाची माहिती छापली, आणि तीत बोलोन्याची राज्यव्यवस्था ‘मिश्र’ असल्याचे म्हटले. शहरावर पोपची सत्ता होती. कारभाऱ्यांना हे झोंबले आणि त्या गृहस्थांना अटक झाली. प्रकरण निवळले ते अशा तडजोडीवर, की पोप, सम्राट वगैरे चार पत्ते काढून त्यांच्या जागी चार मूर (उत्तर आफ्रिकी मुसलमान) सरदार छापावेत. खेळणाऱ्यांनी त्या चार मूरांवर डाव पुढे चालू ठेवला आणि बोलोन्यात तो आजही त्याच पत्त्यांनी खेळला जातो.

भाकिताची बाजू जगासमोर आली ती १७८१ साली. आंत्वान कूर द जेबलँ या फ्रेंच विद्वानाने आपल्या बहुखंडी ग्रंथाच्या आठव्या खंडात लिहिले, की पॅरिसमधल्या एका परिचित बाईंच्या घरी त्यांनी हे पत्ते पाहिले आणि पाव तासात ते प्राचीन इजिप्तच्या पुरोहितांचे ज्ञान असल्याचे ओळखले. इजिप्तची चित्रलिपी तेव्हा जगात कोणालाही वाचता येत नव्हती. शांपोलियो या फ्रेंच अभ्यासकाने ती उलगडली १८२२ साली. तोवर एतेय्या या टोपणनावाने लिहिणाऱ्या झाँ-बातिस्त आलियेत यांनी या कल्पनेवर पुस्तके लिहिली आणि १७८९ च्या सुमारास खास भाकितासाठी आखलेला जोडही बाजारात आणला होता. म्हणजे जवळजवळ साडेतीनशे वर्षे जो निव्वळ डाव होता, त्याला एका पिढीत हजारो वर्षांची गूढ परंपरा चिकटली.

दोन्ही बाजूंच्या जाणकारांनी लिहावे.


कळव्याचा_मेंढीकोट

धागा आवडला. आमचा गट रोज सकाळच्या स्लो लोकलमध्ये मांडीवर ब्रीफकेस आडवी टाकून मेंढीकोट खेळतो, त्यामुळे माझी शंका व्यवहाराची आहे. आमच्याकडे हुकूम चार रंगांपैकीच एक असतो, आणि बंद हुकूम असेल तर तो उघडेपर्यंत कोणाला ठाऊक नसतो. इथे पाचवा रंगच कायमचा हुकूम, मग बोली कशावर लावायची? शिवाय गोखले रस्त्यावरच्या एका भेटवस्तूंच्या दुकानात टॅरोचा जोड पाहिला आहे. तो खेळायला चालेल का?


नौपाडेकर

दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर आधी देतो, म्हणजे पैसे वाचतील: तो जोड घेऊ नका. भेटवस्तूंच्या दुकानात जो मिळतो तो बहुधा १९०९ सालच्या रायडर जोडाचा अवतार असतो. त्याच्या कोपऱ्यांवर रंगाची खूण आणि आकडा नसतो, हुकमांचे क्रमांक रोमन अंकांत असतात, आणि पत्ते इतके मोठे असतात की अठरा पत्ते हातात पंख्यासारखे धरताच येत नाहीत. खेळायला फ्रान्समध्ये वापरतात तो जोड लागतो. त्यात आपलेच बदाम, इस्पिक, चौकट आणि किलवर असतात, हुकमांवर ठसठशीत आकडे असतात, आणि आकड्यांखाली सहलीची, ऋतूंची, नाचगाण्याची साधी दृश्ये असतात. मृत्यू नाही, सैतान नाही, मनोराही नाही. आमच्या टेबलावर ती दृश्ये कोणी बघतही नाही.

आता डाव. चौघे बसतात, प्रत्येकाला तीन-तीन करत अठरा पत्ते वाटायचे आणि वाटताना मध्ये मध्ये एकेक पत्ता बाजूला टाकत सहा पत्त्यांची पालथी गड्डी करायची. फ्रेंच लोक या गड्डीला ‘कुत्रा’ म्हणतात. वाटणी आणि खेळ दोन्ही उजवीकडे फिरतात, त्यामुळे आपल्या हातांना सुरुवातीला चुकल्यासारखे होते. बोली हुकमावर लावायची नसून जबाबदारीवर लावायची असते: मी एकटा तुम्हा तिघांविरुद्ध खेळतो, असे म्हणणारा मोहरा पुढे येतो. बोलीच्या चार पायऱ्या आहेत. खालच्या दोन्ही पायऱ्यांत बोली जिंकणारा ‘कुत्रा’ सर्वांसमोर उघडतो, ते सहा पत्ते हातात घेतो आणि आपल्या हातातले नको असलेले सहा पत्ते पालथे ठेवतो. मात्र राजा त्यात टाकता येत नाही. तिसऱ्या पायरीला ती गड्डी न बघताच आपल्या खात्यात जाते, चौथीला ती विरोधकांच्या खात्यात जाते. चौथी बोली लावणारा माणूस एकतर फार पोचलेला असतो किंवा घरी भांडून आलेला असतो.

रंगाला रंग द्यायचा. रंग नसेल तर हुकूम टाकावाच लागतो. आणि पडलेल्या हुकमापेक्षा वरचा हुकूम हातात असेल तर तोच टाकावा लागतो. मेंढीकोट खेळणाऱ्याला ही सक्ती जाचक वाटते, पण डावाचा सगळा रस तिच्यात आहे, कारण समोरच्याचे मोठे हुकूम ओढून काढायचे साधन तीच आहे.

विशेष पत्ते तीन: हुकमाची एक्की, हुकमाची एकविशी आणि विदूषक. एकूण गुण ९१. या तिन्हींपैकी एकही पत्ता जिंकलेल्या हातांत नसेल तर बोली लावणाऱ्याला ५६ गुण करावे लागतात, एक असेल तर ५१, दोन असतील तर ४१, तिन्ही असतील तर अवघे ३६. उदाहरणार्थ, तुम्ही दुसऱ्या पायरीची बोली लावली, शेवटी तुमच्याकडे एकविशी आणि विदूषक राहिले आणि गुण ४७ झाले. लागत होते ४१, म्हणजे सहा वरचढ. त्यांत ठरलेले २५ मिळवून ३१, दुसऱ्या पायरीसाठी दुप्पट करून ६२. तिघांनी प्रत्येकी ६२ द्यायचे, तुमच्या खात्यात १८६.

हुकमाची एक्की ही या डावातली सगळ्यात दुबळी आणि सगळ्यात लाडकी चीज आहे. तिला कोणताही दुसरा हुकूम मारतो, पण जो तिने शेवटचा हात करून दाखवील त्याला दहा गुण जास्त मिळतात. रविवारी आमच्याकडे जी आरडाओरड होते ती बहुतेक तिच्यापायी. व्हिएन्नाकडे याच कुळातला ५४ पत्त्यांचा डाव खेळतात. सिग्मंड फ्रॉइड शनिवारी संध्याकाळी तो खेळत असत, आणि स्वप्नांचे अर्थ लावणाऱ्या त्या गृहस्थांनी पत्त्यांचे अर्थ लावण्याच्या भानगडीत न पडता हात मोजले, याची मला गंमत वाटते.


सीवूड्सची_वाचक

मी नवी मुंबईत व्यवसाय म्हणून टॅरो वाचते, त्यामुळे दुसरी बाजू मांडणे माझ्याकडे आले. नौपाडेकर काका, तुमचा इतिहास मला मान्य आहे. इजिप्तची कथा मी माझ्याकडे येणाऱ्यांना कधी सांगत नाही. मात्र १७८१ ही सुरुवात मानू नका. अठराव्या शतकाच्या मध्यावर बोलोन्यात लिहिलेला एक कागद सापडला आहे, त्यात तिथल्या जोडातल्या पस्तीस पत्त्यांचे भाकिताचे अर्थ नोंदलेले आहेत. म्हणजे तुम्ही ज्या शहराचे उदाहरण दिलेत, तिथेच हा डाव खेळणारे लोक पत्ते टाकून प्रश्नही विचारत होते.

शिवाय रायडर जोडाविषयी तुम्ही जे लिहिलेत त्यातच माझा मुद्दा आहे. तो खेळायला गैरसोयीचा आहे, कारण तो खेळण्यासाठी काढलेलाच नाही. लंडनमध्ये १९०९ साली गूढविद्येचे अभ्यासक आर्थर एडवर्ड वेट यांच्या सांगण्यावरून पामेला कोलमन स्मिथ या चित्रकर्तीने तो रंगवला. त्याआधीच्या बहुतेक जोडांत चषकांचा पंजा म्हणजे नुसते पाच चषक काढलेले असत. पामेलाने अशा साध्या आकडी पत्त्यांनाही प्रसंग दिले. या कामाबद्दल तिला फार थोडे पैसे मिळाले आणि १९५१ साली ती हलाखीतच वारली. पत्त्यांना नाव मात्र रायडर या प्रकाशकाचे आणि वेट यांचे लागले. कोपऱ्यात तिची नागमोडी आद्याक्षरे दिसतात, ती मी नव्या शिकणाऱ्यांना आवर्जून दाखवते. बळ आणि न्याय या दोन हुकमांच्या क्रमांकांची याच परंपरेत अदलाबदल झाली, ती राशीचक्राशी जुळावी म्हणून: बळाला सिंह, न्यायाला तूळ. डाव खेळणाऱ्याला हे चालणार नाही, कारण त्याच्या दृष्टीने आठ आणि अकरा यांत जय-पराजयाचे अंतर आहे.

प्रत्यक्षात काय घडते ते सांगते. बेलापूरची नोकरी सोडून दुसऱ्या शहरात जावे की नाही, अशा पेचातल्या एका बाईंनी पत्ते पिसले आणि त्यांच्यासमोर चषकांचा पंजा आला. त्या चित्रात काळा झगा घातलेली एक व्यक्ती मान खाली घालून उभी आहे. तिच्या पुढ्यात तीन चषक लवंडलेले आहेत, मागे दोन चषक उभे आहेत, आणि पलीकडे नदी, पूल व एक वाडा आहे. त्या बाई बराच वेळ लवंडलेल्या चषकांविषयीच बोलत राहिल्या: साहेब असे वागले, बढती अशी हुकली. मी गप्प बसले. मग त्यांचे लक्ष मागच्या दोन चषकांकडे गेले आणि बोलण्याचा रोखच बदलला. पुढे काय होणार, हे मी त्यांना सांगितले नाही आणि मला ते ठाऊकही नव्हते. आजारपण, कोर्टकचेरी आणि हरवलेल्या वस्तू या विषयांवर मी पत्ते मांडतच नाही.


ऐरोलीचा_शंकेखोर

ताई, आपण प्रामाणिकपणे लिहिलेत म्हणून आपल्यालाच विचारतो. आपले वर्णन खरे मानले, तरी काम केले ते चित्राने आणि आपल्या गप्प बसण्याने. मग पत्ते पिसायचे कशाला? ते एकच चित्र छापून सरळ समोर ठेवा.

१९४८ साली बर्ट्रम फोरर या मानसशास्त्रज्ञांनी आपल्या ३९ विद्यार्थ्यांची चाचणी घेतली आणि प्रत्येकाला त्याच्या स्वभावाचे ‘खास’ वर्णन दिले. वर्णन किती जुळते, याला विद्यार्थ्यांनी पाचांपैकी सरासरी ४.२६ गुण दिले. सर्वांना दिलेला मजकूर एकच होता, आणि तो बाजारात मिळणाऱ्या राशिभविष्याच्या पुस्तकातून उचललेला होता. ‘तुम्ही वरून शांत दिसता, पण आत खळबळ असते’ हे वाक्य सानपाड्यापासून पनवेलपर्यंत कोणालाही लागू पडते.

दुसरी गोष्ट योगायोगाची. ७८ पत्त्यांतून तीन काढले तर त्यांत मृत्यूचा पत्ता असण्याची शक्यता सव्विसात एक आहे. दिवसाला पंधरा-वीस माणसे बसवणाऱ्या एखाद्या वाचकाच्या टेबलावर तो दर दोन दिवसांनी येणारच. दहा पत्त्यांची मोठी मांडणी केली तर बावीस चित्रपत्त्यांपैकी एखादा तरी येण्याची शक्यता ९७ टक्के आहे. तरी ‘बघा, तुमच्या मांडणीत मोठा पत्ता आला आहे’ असे भारदस्त आवाजात सांगितले जाते. मॉलमध्ये टेबल टाकून बसणाऱ्यांकडे याच्यापुढची पायरी असते: आधी मनोरा दाखवून घाबरवायचे आणि मग उपाय म्हणून खडे, मेणबत्त्या विकायच्या. माझ्या एका नातलग बाईंनी वाशीत अशा खड्यांवर महिन्याच्या किराण्याइतकी रक्कम घालवली आहे, म्हणून हा सूर जरा तिखट लागला.


सीवूड्सची_वाचक

खडे विकणाऱ्यांची बाजू मी घेणार नाही. मनोरा आला म्हणून कोणी पैसे मागत असेल तर उठून यावे.

पिसण्याचा प्रश्न मात्र योग्य आहे आणि त्याचे उत्तर मी असे देईन. मी स्वतः चषकांचा पंजा निवडून त्या बाईंसमोर ठेवला असता, तर त्यांनी लगेच विचार केला असता की ही मला रडवी समजते, आणि उरलेला वेळ त्या स्वतःचा बचाव करण्यात घालवला असता. पिसल्यामुळे तो पत्ता माझाही राहत नाही आणि त्यांचाही राहत नाही. कोणीच मुद्दाम निवडलेला नाही, म्हणून त्याच्यावर मोकळेपणाने बोलता येते. तो योगायोगाने येतो, हे मला मान्यच आहे. योगायोगाने येतो म्हणूनच तो उपयोगी पडतो.


ऐरोलीचा_शंकेखोर

हे उत्तर मला पटण्यासारखे आहे. फक्त मग दारावरच्या पाटीवर ‘भविष्य’ असे लिहू नये, एवढीच अपेक्षा.


सावंतवाडीचा_ठाणेकर

मूळचा सावंतवाडीचा, आता पाचपाखाडीत राहतो. गंजिफांचा उल्लेख अजून कोणी केला नाही म्हणून लिहितो, आणि हे अवांतर नाही.

आमच्याकडच्या दशावतारी गंजिफेत १२० गोल पत्ते असतात. दहा अवतारांचे दहा रंग, प्रत्येकात राजा, प्रधान आणि एकापासून दहापर्यंतचे पत्ते. मत्स्याच्या रंगावर मासे, कूर्मावर कासवे, परशुरामावर परशू मोजायचे. लाखेचे रोगण चढवलेले हे पत्ते हातात घेतले की गार लागतात, आणि गोल असल्यामुळे ते आपल्या चौकोनी पत्त्यांसारखे पंख्यात नीट बसत नाहीत, घसरतात. नवख्या माणसाचा निम्मा डाव इथेच उघडा पडतो. दिवसा खेळायला बसले तर रामाच्या रंगाने सुरुवात, रात्री बसले तर कृष्णाच्या. या डावात हुकूम नाही. जो रंग उतरला त्याच रंगातल्या मोठ्या पत्त्याने हात करायचा. खेळ बाहेरून आलेला आहे: बाबराच्या आत्मचरित्रात १५२७ साली सिंधच्या शहा हसनकडे गंजिफा पाठवल्याची नोंद आहे, आणि मोगली गंजिफा ९६ पत्त्यांची, आठ रंगांची होती. कोकणात आल्यावर तिच्यात अवतार आले. विसाव्या शतकात ही कला मरणपंथाला लागली असताना सावंतवाडीच्या राजघराण्याने, शिवरामराजे आणि सत्त्वशीलादेवी भोसले यांनी, राजवाड्यात कारागीर बसवून ती उभी केली.

एक बारकावा सांगतो, तो नौपाडेकरांना आवडेल. गंजिफेत निम्म्या रंगांत प्रधानाखालोखाल दश्शी मोठी असते आणि निम्म्या रंगांत एक्का मोठा असतो, म्हणजे आकड्यांचा क्रम उलटा चालतो. इटलीतल्या जुन्या टॅरोतही चषक आणि नाणी या दोन रंगांत क्रम असाच उलटा होता. इतकी विचित्र रीत दोन ठिकाणी वेगवेगळी सुचली असेल, असे मला वाटत नाही. दोन्हींचे मूळ पश्चिम आशियात कुठेतरी एकत्र असावे.

आता माझा प्रश्न. टॅरोवर पोप आणि सम्राट होते, त्यांतून गूढविद्या निघाली. आमच्या पत्त्यांवर तर प्रत्यक्ष विष्णूचे दहा अवतार आहेत, आणि भाकिताची हौस कोकणाला कमी नाही. देवळात पाकळ्या लावून कौल घेतल्याशिवाय आमच्याकडे घराची चौकट बसत नाही. तरीही गंजिफा ही मुख्यतः खेळच राहिली आणि प्रश्न विचारायला माणूस देवळात गेला. असे का झाले असावे?


नौपाडेकर

या प्रश्नासाठी धागा काढल्याचे सार्थक झाले. मला जे उत्तर दिसते ते असे.

सावंतवाडीत नृसिंह कोण, हे पोरासोरांना ठाऊक होते. पत्त्यावरच्या चित्रात न उलगडलेले काही उरले नव्हते आणि खेळही चालू होता, त्यामुळे त्या पत्त्यांत दडलेला अर्थ शोधावा असे कोणाला वाटले नाही. पॅरिसची स्थिती १७८१ मध्ये नेमकी उलटी होती. फ्रान्सच्या पूर्व भागात आणि स्वित्झर्लंडमध्ये टॅरो घरोघर खेळला जात होता, पण पॅरिसमध्ये तो मागे पडून लोक त्याला विसरले होते. कूर द जेबलँ यांच्यासमोर आले ते खेळणाऱ्यांपासून तुटलेले पत्ते, आणि त्यांवर तीनशे वर्षांपूर्वीच्या इटलीतली, त्यांच्या वाचकांना अनोळखी झालेली चित्रे. एकविसावा विसाव्याला मारतो म्हणून तो वर आहे, हे सांगणारा माणूस शेजारी बसलेला नसला की त्या क्रमाला दुसरा काहीतरी हेतू असला पाहिजे असे वाटू लागते. तो हेतू मग इजिप्तमध्ये, हिब्रू वर्णमालेत आणि पुढे राशीचक्रात सापडत गेला. हिब्रूत अक्षरे बावीस आणि चित्रपत्तेही बावीस, हा योगायोग त्यांच्या फारच पथ्यावर पडला.

टॅरोच्या डावाचा सविस्तर इतिहास मायकल डमेट यांनी १९८० साली पुस्तकरूपाने मांडला. ते ऑक्सफर्डचे तत्त्वज्ञ, तर्कशास्त्रावरचा मोठा अधिकार असलेले गृहस्थ, आणि त्यांना यात काही कमीपणा वाटला नाही, हे आमच्या सोसायटीतल्या नाराज सभासदांनी ध्यानात घ्यावे.


सीवूड्सची_वाचक

पण काका, बोलोन्याच्या कागदाचे काय? तिथे खेळ जिवंत होता, चित्रे ओळखीची होती, तरी भाकीत निघालेच.


नौपाडेकर

निघाले, पण कसे निघाले ते बघा. त्या यादीत सूर्य म्हणजे दिवस, चंद्र म्हणजे रात्र, जग म्हणजे लांबचा प्रवास आणि मृत्यू म्हणजे मृत्यू, असा रोखठोक मामला आहे. आपल्याकडे पोपटवाला पिंजऱ्याचे दार उघडून पाकीट ओढायला लावायचा, त्या जातकुळीचे हे भाकीत आहे. त्यात प्राचीन पुरोहित नाहीत, गुप्त वर्णमाला नाही. साध्या बत्तीस पत्त्यांवरही भविष्य सांगितले जात होते आणि एतेय्यांचे पहिले पुस्तक १७७० साली निघाले ते त्यावरच. तेव्हा असे म्हणता येईल, की भाकीत कोणत्याही पत्त्यांवर होऊ शकते आणि ते खेळाशेजारी सुखाने नांदते. गूढविद्या मात्र खेळ विसरला गेला तिथेच उभी राहिली. ताई, आपण सीवूड्समध्ये जे करता ते मला बोलोन्याच्या अधिक जवळचे वाटते, आणि हे मी कौतुकाने म्हणतो आहे.


सीवूड्सची_वाचक

कौतुक घेतले. मात्र मृत्यू म्हणजे मृत्यू, असे मी कोणाला सांगत नाही, तेवढे सोडून.


कळव्याचा_मेंढीकोट

चर्चा उंचावर गेली आहे, पण माझा जोड आला आहे आणि आज सकाळी ठाणे ते भायखळा एवढ्या अंतरात एक डाव कसाबसा पूर्ण झाला. ब्रीफकेसवर चौघांचे पत्ते मावतात. ‘कुत्रा’ मात्र कोणाच्या तरी डब्याच्या पिशवीवर ठेवावा लागतो. वाद विदूषकावरून झाला. तो कधीही टाकता येतो, रंग द्यायची सक्ती त्याला नाही, इथपर्यंत सगळ्यांना मान्य. पण हात विरोधकांनी केला तर विदूषक त्यांचा का? आणि एकाने तो अगदी शेवटच्या हातापर्यंत दाबून ठेवला, तेव्हा काय करायचे?


नौपाडेकर

विदूषक हात करत नाही, पण हरतही नाही. तो टाकणाऱ्याने परत उचलून आपल्या जिंकलेल्या पत्त्यांत ठेवायचा आणि हात करणाऱ्या पक्षाला त्याच्या बदल्यात आपल्या जिंकलेल्या पत्त्यांतला अर्ध्या गुणाचा एखादा पत्ता द्यायचा. अजून एकही हात झालेला नसेल तर ही उधारी पहिल्या हातानंतर फेडायची. शेवटच्या हातापर्यंत ठेवला तर मात्र तो जातो, थेट समोरच्या पक्षाकडे, आणि त्याचे साडेचार गुणही जातात. अपवाद एवढाच, की ज्याने आधीचे सगळे हात केले आहेत त्याला तो शेवटी टाकता येतो. तेव्हा त्या गृहस्थांना सांगा, सतराव्या हातापर्यंत विदूषक हातातून गेला पाहिजे; भायखळा येईपर्यंत थांबू नये.